कुत्र्याच्या गळ्यातली काच

भुऱ्याला सोसायटीच्या फाटकाखालून सरपटत निसटायची खोड आहे. मागच्या मे महिन्यात असाच गेला आणि परतला तेव्हा गळ्यातल्या जीपीएस पट्ट्याच्या स्क्रीनचं पार जाळं झालेलं. आधी पट्टा काढला, मग मानेचे केस बारीक फणीनं विंचरले. दोन कपच्या निघाल्या. दुरुस्ती नंतर बघता येते, हे मात्र लगेच करायचं. कुत्रं मान खाजवतं, मग तोच पंजा चाटतं.

आता कुत्र्याच्या पट्ट्याला स्क्रीन हवीच कशाला? भुऱ्याला काही वाचता येत नाही. ट्रॅक्टिव्हसारख्या कंपन्यांच्या पट्ट्यांना ती नसतेच. सगळं मालकाच्या मोबाइलवर दिसतं. पण काही स्वस्त पट्ट्यांवर बॅटरी दाखवायला पेराएवढी स्क्रीन देतात, आणि फाटक, दगड, दुसऱ्या कुत्र्याचा दात नेमका तिलाच लागतो.

मोबाइल दुरुस्तीवाल्यानं पट्टा उजेडात धरला. "काच गेलीय, डिस्प्ले जिवंत आहे." आकडे स्वच्छ दिसत असतील तर फुटली ती फक्त वरची काच. कोपऱ्यातून शाईसारखा काळा डाग पसरत असेल तर खालचं पॅनेलच गेलं. मग काच आणि डिस्प्ले एकत्र असलेलं 'कॉम्बो' शोधायचं, आणि अनोळखी कंपनीच्या पट्ट्याचं कॉम्बो मिळणं मुश्कील. काच शाबूत, पण आकड्यांच्या रेघा अर्धवट, असं असेल तर मात्र पट्टा लगेच टाकून देऊ नका. साध्या करड्या एलसीडीत काच आणि सर्किट यांच्यामध्ये बहुधा रबराची एक चिंचोळी पट्टी असते. वीज वाहणारा थर, न वाहणारा थर अशी आलटूनपालटून रचना, म्हणून तिचं नाव झेब्रा. धक्क्यानं ती सरकते किंवा तिच्यावर मळ बसतो. आयसोप्रोपिल अल्कोहोलनं पुसून नीट बसवली की बऱ्याचदा आकडे परत येतात.

आमची काच त्यानं हीट गननं सैल केली. मी जीव मुठीत धरून बघत होतो, कारण एवढ्याशा डबीत लिथियम बॅटरी स्क्रीनच्या पाठीलाच असते. नवी काच बी-७००० गमनं चिकटवून अर्ध्या तासात पट्टा हातात. पहिल्याच पावसात काचेच्या आतून धुकं धरलं.

मग गेलो घड्याळजींकडे. त्यांनी डबी उघडली आणि पहिला प्रश्न विचारला, "यातलं रबर कुठंय?" पाणी अडवणारी रिंग परत बसवलीच गेली नव्हती. डबीवर आयपी-६७ छापलेलं आहे, म्हणजे धूळ आत जात नाही आणि १ मीटर पाण्यात ती ३० मिनिटं तग धरते. पण ही हमी न उघडलेल्या डबीची. त्यांनी डबी रात्रभर सिलिका जेलच्या पुड्यांत सुकवली, मापाची रिंग शोधली, तिला सिलिकॉन ग्रीसचं बोट फिरवलं आणि झाकण आवळलं. मग डबी कोमट पत्र्यावर ठेवून काचेवर गार पाण्याचा एक थेंब सोडला. मिनिटभरानं पुसला. आत ओल असती तर थेंबाखाली धुकं दिसलं असतं. काच लख्ख होती. तेव्हापासून माझं ठाम मत आहे की हा पट्टा मोबाइलचा नव्हे, घड्याळाचा भाऊबंद.

बॅटरी फुगली असेल किंवा दात तिच्यापर्यंत पोचले असतील तर दुरुस्तीचा नाद सोडा. पट्टा चार्जिंगला न लावता ई-कचरा घेणाऱ्यांकडे द्या. पैसे घालण्याआधी सेवा चालू आहे ना, तेही बघा. २०२५ मध्ये ट्रॅक्टिव्हनं व्हिसल ही कंपनी घेतली आणि व्हिसलचे धडधाकट पट्टेही निकामी झाले.

आणि गम पुरता वाळायला एक-दोन दिवस लागतात. तोवर दुरुस्त केलेला पट्टा घालू नका. जुना साधा पट्टा काढा आणि त्याला फोन नंबरचा बिल्ला अडकवा.