दाउरांचा पेटता चेंडू

ईशान्य चीनमधल्या नेन नदीच्या खोऱ्यातले दाउर लोक पिढ्यान्‌पिढ्या ‘बेइको’ खेळत आले आहेत. दोन संघ, समोरासमोर दोन गोल आणि टोकाशी वाकलेल्या काठ्या. काठी ओकच्या कोवळ्या झाडाची, मुळाशी आपसूक वळलेली निवडतात. लाकूड कापून आकडा काढला तर वळणावर तंतू तुटतात आणि जोरदार टोल्याला तिथेच चीर जाते. वाढतानाच वळलेल्या झाडात तंतूही वळणाबरोबर जातात.

चेंडू तीन तऱ्हांचे. मुलांसाठी गुरांच्या केसांचा, घट्ट वळलेला. तो आदळला की केस एकमेकांवर घासून बरीचशी ऊर्जा जिरवतात, म्हणून उसळी कमी आणि लागतेही कमी. मोठ्यांसाठी जर्दाळूच्या मुळाचा, टणक. पण खरी गंमत तिसऱ्याची.

तो बर्चच्या खोडावर वाढून कडक झालेल्या बुरशीच्या गाठीचा असतो. तिला आरपार भोके पाडून त्यांत पाइनची राळ भरतात, ती पेटवतात आणि अंधारात खेळ रंगतो. राळ ज्योतीने जळते, बुरशी नुसती धुमसते. तिच्या सूक्ष्म छिद्रांतून हवा आत जाते, पण उष्णता चटकन बाहेर पडत नाही, म्हणून विस्तव टिकतो. आल्प्सच्या बर्फात १९९१ मध्ये सापडलेल्या, सुमारे ५,३०० वर्षांपूर्वीच्या ओत्झी नावाच्या माणसानेही आग पेटवण्यासाठी झाडावरचीच बुरशी जवळ बाळगली होती! टोल्यासरशी वारा लागून चेंडूतला निखारा उजळतो आणि फुलबाजी फिरवल्यासारखी प्रकाशाची रेघ दिसते. ती रेघ पाहणाऱ्याच्या डोळ्यातली. उजेड सरकला तरी त्याचा ठसा क्षणभर उरतो.

आधुनिक हॉकी बेइकोतूनच जन्मली, हा दावा मात्र जपूनच घ्यावा. दाउरांना खितानांचे वंशज मानतात आणि खितानांच्या लिआओ राजवटीच्या (९०७–११२५) इतिहासात चेंडू टोलवण्याचे उल्लेख आहेत. पण तो खेळ घोड्यावरचा. वाकड्या काठ्या आणि चेंडू तर इजिप्तमधल्या बेनी हसनच्या सुमारे ४,००० वर्षांपूर्वीच्या भित्तिचित्रातही दिसतात. आधुनिक हॉकीचे नियम एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये ठरले.

बेइकोचे खरे देणे खेळाडूंचे आहे. १९७०च्या दशकात चीनने आधुनिक हॉकी सुरू केली, तेव्हा मोरिन दावा या दाउरांच्या स्वायत्त ‘बॅनर’मध्ये, म्हणजे तालुक्यासारख्या विभागात, तयार हात सापडले. २००६ मध्ये बेइको चीनच्या राष्ट्रीय अमूर्त वारशाच्या पहिल्याच यादीत आला. सप्टेंबर २०२४ मध्ये पुरुषांची आशियाई चॅम्पियन्स ट्रॉफी मोरिन दावातच झाली. अंतिम सामन्यात भारताने चीनला १-० असे हरवले.