नळीतल्या रेघा आणि मित्राचा रिपोर्ट

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला बरं वाटतं, त्यांच्यासाठी आजच्या भागाचा हा लिखित मजकूर.

मी जामनेर तालुक्यातल्या पहूरचा. डीएमएलटी करत होतो, तेव्हाची गोष्ट. प्रॅक्टिकलला आम्ही एकमेकांचंच रक्त घ्यायचो. सिकलसेलच्या सोल्युबिलिटी चाचणीत नळीमागे रेघांचा कागद धरतात. माझ्या नळीतून रेघा स्वच्छ दिसल्या. शेजारच्या मित्राची नळी गढूळ, रेघा गायब! तो यावलकडचा, सातपुड्याच्या पायथ्याचा. महिन्याभरात त्याचा साखरपुडा होता. म्हणाला, "भाऊ, म्हणजे मी आजारी का?"

आधी लाल पेशी समजून घेऊ. ती दोन्ही बाजूंनी खोलगट, रुंदी साधारण ७-८ मायक्रॉन. आत केंद्रक नाही, हिमोग्लोबिन ठासून भरलेलं. लवचिक असल्यानं ती बारीक केशवाहिनीतूनही वाकून निघते आणि सुमारे १२० दिवस जगते.

सिकलसेलमध्ये हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक अ‍ॅसिडऐवजी व्हॅलिन येतं. बदल एवढाच! पण ऑक्सिजन सोडला की हे हिमोग्लोबिन एकमेकांना चिकटून दांड्यासारखं होतं आणि पेशी विळ्यासारखी वाकडी, ताठ होते. ती वाहिनीत अडकते, असह्य वेदना होतात. शिवाय १०-२० दिवसांतच फुटते, म्हणून रक्त कमी पडतं.

आता मित्राचं उत्तर. गढूळ नळी फक्त एवढंच सांगते, की असं हिमोग्लोबिन आहे. रुग्ण की वाहक, ते इलेक्ट्रोफोरेसिसनं कळतं. तो वाहक निघाला. आईवडिलांपैकी एकाकडूनच सदोष जनुक आलेला. सहसा काही त्रास होत नाही.

खरा प्रश्न लग्नाचा. जोडीदार नॉर्मल असेल, तर मुलांना आजार होत नाही. वाहक होण्याची शक्यता ५० टक्के. दोघंही वाहक असतील, तर प्रत्येक गरोदरपणात आजाराची शक्यता २५ टक्के. पहिलं मूल आजारी झालं म्हणून पुढची तीन सुटली, असं नाही हं! चिठ्ठी दरवेळी नव्यानं निघते.

मित्रानं धीर करून मुलीकडच्यांना सांगितलं. तिची तपासणी झाली, रिपोर्ट नॉर्मल आला. दोघं वाहक असते तरी लग्न अडतंच असं नाही. गर्भाची तपासणी करता येते. पण ते आधी माहीत हवं.

१ जुलै २०२३ पासून सिकलसेल निर्मूलनाचं राष्ट्रीय अभियान सुरू आहे. तेव्हा मंडळी, पत्रिका जुळवताना ही एक नळीही बघा. भेटू पुढच्या भागात!