हसवणारा दादा

‘देवासुरम’ (१९९३) आणि ‘स्फटिकम’ (१९९५) या मल्याळम चित्रपटांत मोहनलालने रंगवलेले दांडगट नायक दरारा निर्माण करत. त्यांना हसण्याची प्रेक्षकाची छाती नव्हती. ‘राजमाणिक्यम’मध्ये (२००५) मामुट्टीने तिरुवनंतपुरमच्या ठसकेबाज बोलीत दादागिरी केली आणि दरारा व विनोद एकत्र नांदू लागले.

‘आडू’ (२०१५) आणखी पुढे गेला. जयसूर्याचा शाजी पाप्पन हा रस्सीखेच संघाचा म्होरक्या. ऐट मोठी, पण कंबर धरलेली आणि बक्षिसाची शेळी गळ्यात पडलेली! चित्रपटगृहांत आपटलेला हा सिनेमा नंतर घरोघरी इतका आवडला की २०१७ मध्ये दुसरा भाग आला.

या वाटेवरचं सर्वांत समृद्ध पात्र मात्र जितू माधवनच्या ‘आवेशम’मधला (२०२४) रंगा. बंगळुरूचा हा गुंड पांढऱ्या कपड्यांत, सोन्याने मढलेला. कन्नडमिश्रित मल्याळम बोलतो. इंजिनिअरिंगच्या तीन पोरांना तो जीव लावतो, कारण त्याला माणसं हवी आहेत. फहाद फासिलने त्याचा पोरकटपणा आणि एकटेपणा एकाच नजरेत दाखवलाय. म्हणूनच हसता हसता त्याची भीती वाटते आणि कीवही येते. पोरं त्याला फक्त वापरत होती हे कळल्यावर तो चवताळतो, तेव्हा त्याच्या रागाइतकंच त्याचं दुखावलेपणही दिसतं.