कोसबाडची टेकडी

डहाणू तालुक्यातील वारली पाड्यांवर सावकारी कर्जाचा व वेठीचा अंमल पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला असता, दारिद्र्याशी झुंज बालपणापासूनच द्यावयास हवी या निश्चयाने ताराबाई मोडक (१८९२–१९७३) यांनी १९४५ साली बोर्डीस ग्राम बाल शिक्षा केंद्र आरंभिले आणि अनुताई वाघ (१९१०–१९९२) यांच्या साहाय्याने १९५७ साली ते कोसबाडच्या टेकडीवर नेले. मूल शाळेत येत नसेल तर शाळाच त्याच्या अंगणात न्यावी, असा सरळ हिशेब होता. शिक्षिका पाड्यावर जाऊन मुलांना न्हाऊ घालीत, त्यांचे केस विंचरीत, आणि माँटेसरीच्या महागड्या साधनांऐवजी शिंपले, बिया, पाने मांडून गणती शिकवीत. गुराख्यांसाठी कुरणशाळा निघाली. आणि, माझ्या मते सर्वांत शहाणपणाची गोष्ट म्हणजे, धाकटे भावंड कडेवर असल्यामुळे शिक्षणास मुकणाऱ्या मुलींची अडचण ओळखून ‘विकासवाडी’त पाळणाघर, बालवाडी व प्राथमिक शाळा एकत्र नांदविण्यात आली. ताराबाईंना १९६२ साली पद्मभूषण, अनुताईंना १९८५ साली पद्मश्री मिळाली. दरम्यान १९७५ साली केंद्र सरकारने एकात्मिक बालविकास योजना काढली, तिच्या केंद्रांचे नावही, पाड्यांच्या अंगणात नेलेल्या या शाळांप्रमाणेच, अंगणवाडी.