मोटारखान्यांतील गाणें आणि वेंचणाराचें ऋण

हालाची गाथासप्तशती ज्यांनीं चाळली आहे त्यांच्या ध्यानांत एक गोष्ट आली असेल. त्यांतील बहुतेक कवि आज केवळ नांवापुरते उरले आहेत, आणि कित्येकांचें तर नांवहि निश्चित ठाऊक नाहीं. शेतावरची, नदीकांठची, सासुरवाशिणींची व वाटसरूंची ती महाराष्ट्री प्राकृतांतील वाणी आपणांपर्यंत पोंचली, याचें कारण कोणी एकानें ती वेंचून एका सूत्रांत ओंविली. कवीची कीर्ति आपण गातों. वेंचणाराचें ऋण मात्र सहसा कोणी मोजीत नाहीं.

असाच एक वेंचणारा अमेरिकेंत निघाला. त्याचें नांव लेनी के. हा कांहीं प्रतिष्ठानचा राजा नव्हे. न्यूयॉर्कमध्यें संगीतावर लेख लिहिणारा व जुन्या तबकड्यांच्या दुकानांत काम केलेला एक तरुण. वयाच्या पंचविसाव्या वर्षीं, १९७२ सालीं, त्यानें ‘नगेट्स’ या नांवाचा दोन मोठ्या तबकड्यांचा संग्रह सिद्ध केला. नगेट म्हणजे नदीच्या वाळूंत सांपडणारा कच्च्या सोन्याचा खडा. संग्रहावर १९६५ ते १९६८ असा काळ घातला असून त्यांत २७ गाणीं आहेत. तीं कानीं पडतांच आपल्या घरांतील वडील मंडळी बहुधा कानांवर हात ठेवतील. तरीहि त्यांची हकीकत आमच्या वाचकांनीं ऐकावी असें आम्हांस वाटतें.

प्रथम हें संगीत उपजलें कसें तें पाहूं. ९ फेब्रुवारी १९६४ रोजीं इंग्लंडांतील बीटल्स हे चौघे तरुण एड सलिव्हन यांच्या दूरचित्रवाणीवरील कार्यक्रमांत गायिले, आणि सुमारें सात कोटी तीस लक्ष अमेरिकन माणसांनीं घरबसल्या त्यांस पाहिलें. दुसऱ्या दिवसापासून गांवोगांवच्या शाळकरी पोरांस गिटारीचा ध्यास लागला. तेथील मध्यमवर्गीय घरास लागून मोटार ठेवण्याची एक खोली असते. वडिलांनीं मोटार बाहेर काढली कीं त्या मोटारखान्यांत चारपांच मित्र जमावेत, दोन गिटारी, एक ढोलांचा संच व जमल्यास एक लहानसा विजेचा ऑर्गन, एवढ्या सामुग्रीवर धडपड चालावी, आणि शेजाऱ्यांची झोंप उडावी, असा प्रकार सर्वत्र सुरू झाला. आपल्याकडील गणेशोत्सवांत आळीआळींतून जसे मेळे उभे राहत, तसेच हे ताफे. पुढें या संगीतास ‘गॅरेज रॉक’ असें नांव पडलें तें या मोटारखान्यावरूनच.

थोडें साधलें कीं ही पोरें पैसे गोळा करून गांवच्या ध्वनिमुद्रणगृहांत जात. मिनिटास ४५ फेरे घेणारी सात इंची तबकडी, एका बाजूस एक गाणें, प्रत्येक गाणें दोन-तीन मिनिटांचें. कित्येकदां अशा तबकडीच्या कांहीं शेंच प्रती निघत. गांवच्या रेडिओवर ती चार दिवस वाजे, शाळेच्या नाचगाण्यांत तिचें कौतुक होई आणि मग ती कोठें तरी खोक्यांत पडून राही. पोरें कॉलेजांत गेलीं, कोणी नोकरीस लागलीं, कोणास व्हिएतनामच्या युद्धावर जावें लागलें. १९६८ च्या सुमारास ही लाट ओसरली होती.

हें संगीत किती ओबडधोबड होतें याचा एक मासला पाहा. पोर्टलंड गांवच्या किंग्जमेन या ताफ्यानें १९६३ सालीं ‘लुई लुई’ हें रिचर्ड बेरीचें जुनें गाणें मुद्रित केलें. गाणाराचे शब्द इतके अस्पष्ट होते कीं त्यांत कांहीं अश्लील दडलें असावें अशी तक्रार गेली, आणि अमेरिकेच्या केंद्रीय तपासखात्यानें त्याची खरोखरच चौकशी केली. तबकडी निरनिराळ्या वेगानें वाजवून पाहिली, तरी शब्द कांहीं केल्या लागेनात, आणि अखेर प्रकरण तसेंच सोडून द्यावें लागलें! एवढ्या मोठ्या राज्यानें एका पोरसवदा गाण्यापुढें हात टेकल्याचें दुसरें उदाहरण क्वचितच सांपडेल.

येथें आमचे संगीतज्ञ वाचक विचारतील कीं, ज्यांत स्वर शुद्ध नाहीं, शब्द स्पष्ट नाहीं, आणि ध्वनि तर मुद्दाम फाटल्यासारखा करण्याकरितां १९६२ पासून बाजारांत खास यंत्र मिळूं लागलें, तें जतन करण्याचें कारण काय? प्रश्न रास्त आहे. उत्तर असें कीं, विद्या येण्यापूर्वींची जी उत्कटता असते ती विद्या आल्यावर बहुधा तशीच राहत नाहीं. सोळा-सतरा वर्षांच्या मुलास जें सांगावयाचें असतें तें त्यास तेव्हांच सांगावें लागतें. शिकून तयार होईपर्यंत तें थांबत नाहीं. ‘नगेट्स’मधील गाणीं म्हणजे अशा घाईनें बोललेलें बोलणें होय.

त्यांतील तीन ताफ्यांची माहिती देतों. सॅन होजे येथील काउंट फाइव्ह हीं पांच मुलें रंगमंचावर लांब झगे पांघरून येत. त्यांचें एक गाणें १९६६ सालीं साऱ्या देशांत पांचव्या क्रमांकापर्यंत चढलें, पण पुढें कॉलेजचें शिक्षण पुरें करण्यासाठीं त्यांनीं ताफाच मोडला. टेक्ससमधील ‘थर्टीन्थ फ्लोअर एलिव्हेटर्स’ या ताफ्यांत एक गडी तोंडाशीं मातीची सुरई धरून तींत घुमवी, आणि तो घुमारा ध्वनिक्षेपकांतून बाहेर पडे. बार्बेरियन्स या ताफ्याच्या ढोलवाल्यानें चौदाव्या वर्षीं घरीं केलेल्या स्फोटकाच्या अपघातांत डावा हात गमावला होता. हाताच्या जागीं लोखंडी आंकडा बसवून तो ढोल वाजवी. ‘मौल्टी’ या गाण्यांत तो आपली हीच कथा स्वतः सांगतो, आणि ऐकणारास धीर सोडूं नको म्हणून बजावतो. गाणें कलेच्या कसोटीस कितपत उतरेल तें उतरो. मास्तरकींत ज्यांचा जन्म गेला त्यांस त्याचा विसर पडणार नाहीं.

आतां वेंचणाराच्या कामाकडे वळूं. कल्पना मूळ एलेक्ट्रा या ध्वनिमुद्रिका कंपनीचे संस्थापक जॅक होल्झमन यांची. निवड, क्रम आणि टिपणें लेनी के याचीं. वरील गाण्यांपैकीं कांहीं एके काळीं लोकप्रिय होतीं, कांहीं आपल्या प्रांताबाहेर गेलींहि नव्हतीं. १९७२ सालीं मात्र तीं सारींच मागें पडलीं होतीं. चारपांच वर्षांपूर्वींची वस्तु जुनीहि नसते व नवीहि नसते. तिला जपावें असें कोणाच्याच मनांत येत नाहीं, आणि नाश होतो तो याच काळांत. लेनी के यानें स्वतःहि १९६६ सालीं दुसऱ्या नांवानें एक तबकडी काढली होती, तेव्हां ही पोरें त्याच्याच पंक्तींतलीं. त्यानें प्रत्येक गाण्यास आपल्या टिपणांत जागा दिली. कोणत्याहि संग्रहाचा अर्धा प्राण अशा टिपणांत असतो.

संग्रह आरंभीं फारसा खपला नाहीं. परंतु तो ज्यांच्या हातीं पडला त्यांपैकीं कित्येकांनीं स्वतः गिटार उचलली, आणि १९७५ च्या सुमारास न्यूयॉर्क व लंडन येथें ‘पंक’ म्हणून जें संगीत उठलें त्याचें एक मूळ या संग्रहांत आहे. १९७६ सालीं तो पुनः निघाला. १९९८ सालीं वाढवून ११८ गाण्यांचा झाला. मध्यंतरीं दुसरे वेंचणारेहि पुढें आले होते. १९७८ च्या सुमारास ‘पेबल्स’, म्हणजे साधे खडे, ही माला निघाली; १९८३ सालीं टिम वॉरन यानें ‘बॅक फ्रॉम द ग्रेव्ह’, म्हणजे थडग्यांतून परत, ही माला सुरू केली. सोन्याचा खडा, मग साधा खडा, मग थडगें! या तीन नांवांवरूनच दिसेल कीं शोध किती खोल जात गेला.

तथापि निवडणाराच्या हातीं सत्ताहि असते, हें विसरूं नये. १९७२ च्या संग्रहांत केवळ मुलींनीं चालविलेला एकहि ताफा नव्हता. डेट्रॉइटच्या क्वाट्रो भगिनींनीं १९६४ सालींच ‘प्लेझर सीकर्स’ हा ताफा काढला होता, तरीहि नाहीं. ओंजळींत जें येत नाहीं तें वाळूंतच राहतें. म्हणून एका संग्राहकावर भागत नाहीं, मागून दुसरा यावा लागतो.

अशा मागाहून आलेल्यांचें लक्ष अमेरिकेबाहेरहि गेलें, आणि त्यांच्या नजरेंतून आपला देश सुटला नाहीं. ‘सिमला’ या सिगारेटीच्या जाहिरातीसाठीं इंपीरियल टोबॅको कंपनीनें तरुण ताफ्यांच्या स्पर्धा भरविल्या होत्या. मद्रासचे कन्फ्यूजन्स, शिलाँगचे फेन्टोन्स असे ताफे त्यांत उतरले, आणि ‘सिमला बीट’ या नांवानें १९७० व १९७१ अशा दोन वर्षांच्या दोन तबकड्या निघाल्या. त्या कालांतरानें परदेशांत पुनः प्रसिद्ध झाल्या, आणि मूळ प्रतींच्या शोधांत तेथील शौकीन आजहि असतात. आपल्याकडे मात्र त्यांचें नांव ऐकलेलीं माणसें थोडींच.

वेंचणाराची परंपरा आपल्यास परकी नाहीं. १८९१ सालीं ॲक्वर्थ व शंकर तुकाराम शाळिग्राम यांनीं ऐतिहासिक पोवाडे गोळा करून छापले, म्हणून गोंधळ्यांच्या मुखींचें तें धन आज आपण वाचूं शकतों. पण प्रत्येक घरांत कोणी शाळिग्राम यावयाचा नाहीं. एकत्र कुटुंबाच्या माळ्यावर आजीची ओव्यांची वही असते, काकांच्या मेळ्यांतील पदांचे कागद असतात, आत्याच्या गाण्याची एखादी फीत असते. त्यांवर कोणाचें, कोठलें व केव्हांचें एवढें लिहून ठेवणें हें घरांतील शाळकरी मुलांसहि जमेल. वडील माणसें सांगावयास आहेत तोंवरच हें होण्यासारखें आहे. येत्या सुटींत एका दुपारीं माळा उतरवावा, आणि प्रत्येक वस्तूवर ज्याचें त्याचें नांव घालावें.