दोन डगरींवर पाय
बायकांनी दोन डगरींवर पाय ठेवू नये, असं मी लहानपणापासून ऐकत आलेय. म्हणून डॉन स्टेलीची हकिकत वाचताना गंमत वाटली. ही बाई सहा वर्षं दोन डगरींवर उभी होती, आणि तीही ठामपणे!

फिलाडेल्फियातल्या गरीब वस्तीत वाढलेली, साडेपाच फुटांची ही अमेरिकन बास्केटबॉलपटू. 2000 मध्ये तिच्याच शहरातल्या टेम्पल विद्यापीठानं तिला मुलींच्या संघाची कोच व्हायला बोलावलं. तिला कोच व्हायचंच नव्हतं. वय तीस, खेळ अजून भरात. पण व्यावसायिक लीग उन्हाळ्यात आणि कॉलेजचा मोसम हिवाळ्यात. मग काय, उन्हाळ्यात स्वतः खेळायचं, हिवाळ्यात मुलींना खेळवायचं! 2004 मध्ये तिसरं ऑलिम्पिक सुवर्ण मिळवलं, तेव्हाही ती टेम्पलची कोच होतीच. खेळणं थांबवलं ते 2006 मध्ये.

मला विचाराल तर ती आधीपासूनच कोच होती. पॉइंट गार्डचं कामच ते. चेंडू आपल्या हातात, पण लक्ष बाकीच्या चौघींवर. कुणाला कधी, कुठे पास द्यायचा, हे हिनं ठरवायचं.

2008 मध्ये ती साउथ कॅरोलायना विद्यापीठात गेली. तिथे 2017, 2022 आणि 2024 मध्ये राष्ट्रीय विजेतेपद. 2024 मध्ये तर 38 पैकी 38 सामने जिंकून. पगारासाठीही ती अडून बसली. मुलांच्या कोचला मिळतं ते मलाही हवं, म्हणाली. 2021 मध्ये सात वर्षांचा करार झाला, 2 कोटी 24 लाख डॉलरचा. आकडा मी दोनदा वाचला.