दरवर्षी दोन टक्के

खुराड्यात एका रात्रीत चार कोंबड्या मेल्या, तर अक्कलकोट तालुक्यातल्या मैंदर्गीत काय किंवा कुठल्याही गावात काय, पहिला संशय येतो तो मानमोडीचा, म्हणजे राणीखेतचा. २००६च्या सुरुवातीला महाराष्ट्र-गुजरात सीमेवरच्या नवापूरलाही तसंच वाटलं होतं. मग नमुने भोपाळच्या प्रयोगशाळेत गेले आणि १८ फेब्रुवारीला निदान जाहीर झालं: एच५एन१, भारतात प्रथमच आढळलेला बर्ड फ्लू. बाधित पोल्ट्रीभोवती वर्तुळ आखून आतल्या सगळ्या कोंबड्या मारून पुरल्या गेल्या. पलीकडे गुजरातेत, उच्छलमध्येही तेच करावं लागलं. माणसांचे नमुनेही तपासले. लागण कुणालाच झालेली नव्हती.

पक्ष्यांमधला हा विषाणू पेशीवरच्या ज्या कड्यांना चिकटतो, त्या आपल्या नाका-घशात विरळ, फुप्फुसात खोलवर जास्त. म्हणून तो माणसाला क्वचित लागतो आणि एकाकडून दुसऱ्याकडे सहसा जात नाही; मात्र लागला की जीवघेणा. २००३पासून जगात ९००हून अधिक माणसांना त्याची लागण झाली, त्यातले निम्म्याच्या आसपास दगावले. काळजी वेगळीच आहे. फ्लूची जनुकं आठ सुट्या तुकड्यांत असतात. एकाच पेशीत दोन फ्लू शिरले की तुकड्यांची अदलाबदल होऊन माणसांत सहज पसरणारा नवा फ्लू तयार होऊ शकतो. २००९चा स्वाइन फ्लू अशाच मिश्रणातून आला. २०२४पासून एच५एन१ अमेरिकेत दुभत्या गाईंमध्ये पसरला आहे.

‘१९१८च्या साथीनंतर थेट २०२०ची, आता शंभर वर्षं निवांत’ हे गणित मला फार धोक्याचं वाटतं. मार्को मरानी आणि सहकाऱ्यांनी चार शतकांतल्या साथी तपासून २०२१ मध्ये काढलेला अंदाज असा: कोविडएवढी साथ येण्याची शक्यता कोणत्याही एका वर्षी सुमारे २ टक्के. काल साथ येऊन गेली म्हणून उद्याची शक्यता घटत नाही. हाच दर धरला, तर येत्या ५० वर्षांत निदान एकदा तरी ती येण्याची शक्यता ६४ टक्के होते. जंगलं तुटतील, जनावरं दाटीवाटीने वाढवली जातील, तसा हा दरही चढू शकतो.

मैंदर्गी नवापूरसारखंच सीमेवरचं. या गावात मराठी-कन्नड दोन्ही चालतात, माणसं आणि माल कर्नाटकात रोज ये-जा करतात. इथे पहिली खबर देणारा कोंबडीवालाच असणार. पक्षी मारल्याची भरपाई लवकर आणि पुरेशी मिळेल याची त्याला खात्री नसेल, तर उरलेल्या कोंबड्या तो त्याच आठवड्याच्या बाजारात विकून मोकळा होईल.